पंख तुटलेली सात विमानं

हाती आलेलं पत्र आधी उलटं करून बघायचं, मग भिंग लावून बघायचं, मग उन्हाकडे धरून बघायचं आणि एवढं सगळं झाल्यावर आतला कागद न वाचताच ते जपून ठेवून द्यायचं, असं करणारा माणूस अख्ख्या मुळशी तालुक्यात एकच होता, आणि तो नेमका माझ्या बायकोचा मामा निघाला. मी तेव्हा माणच्या शाळेत मास्तर होतो. त्या काळी लहान गावात पोस्टाचं काम शाळामास्तराच्याच गळ्यात असे, त्यामुळे शाळेच्या ओसरीवरचं एक टेबल, एक तराजू, एक शिक्का आणि शाईची गादी एवढ्या संसारावर मी गावचा पोस्टमास्तरही होतो. मामांचं घर शाळेपासून हाकेच्या अंतरावर. घरी ते मला ‘जावईबापू’ म्हणत आणि नको नको म्हणताना ताटात आणखी एक भाकरी टाकत. पण शाळेच्या ओसरीवर चढले, की तोच माणूस मला ‘पोस्टमास्तर’ म्हणे आणि त्यांची-माझी काही ओळखच नाही अशा चेहऱ्यानं तक्रार गुदरे. तक्रार एकच, शिक्क्याची. शिक्का तिरपा लागला, शाई जास्त झाली, शाई कमी झाली, काल तारीख बदलायची राहिली होती का? एकदा मी घाईघाईत एका पोस्टकार्डावर शिक्का आपटला, तर त्यांनी ते कार्ड उचलून दोन मिनिटं न्याहाळलं आणि दुखावलेल्या आवाजात म्हणाले, “पोस्टमास्तर, पन्नास वर्षांनी हे कार्ड कुणाच्या तरी हातात पडेल. त्यानं काय समजायचं, की माणला पोस्ट होतं पण पोस्टमास्तर नव्हता?” कार्ड गावातल्या एका म्हातारीनं लेकीला लिहिलेलं होतं, आणि लेक ते वाचून झाल्यावर चुलीत घालणार होती. पण त्या दिवसापासून मी शिक्का उचलला, की पन्नास वर्षांनंतरचा तो माणूस माझ्या मनगटाकडे बघत उभा असल्याचा मला भास होई.

लग्नपत्रिका, बारशाची बोलावणी, आजारपणाच्या बातम्या, सगळ्याचं मामांच्या घरी एकच होई. पाकीट पेटीत, मजकूर कोनाड्यात. कोनाडा भरला, की मामी सवड काढून तो उपसत आणि वाचता येणाऱ्या कुणाला तरी बोलावून गेल्या चार महिन्यांत नात्यात काय काय घडलं ते एका बैठकीत ऐकून घेत. एका भाच्याच्या लग्नाला मामा तीन आठवडे उशिरा पोचले होते. घरात नवी सून पाणी भरत होती आणि हे आहेर घेऊन दारात उभे. माझ्या मेहुणीला अंबरनाथला मुलगा झाला, त्याचं पत्र मी स्वतः त्यांना नेऊन दिलं आणि उत्सुकतेनं थांबलो. मामांनी पाकिटावर भिंग फिरवलं, त्यांचा चेहरा उजळला, आणि ते म्हणाले, “फार आनंदाची गोष्ट आहे. इतका स्वच्छ शिक्का त्या पोस्टाचा मी उभ्या आयुष्यात पाहिला नव्हता.”

पण ही सगळी पाकिटं म्हणजे मामांच्या दृष्टीनं ओसरीवरची गर्दी. त्यांचं देवघर निराळं होतं. ते होतं विमानानं आलेल्या पहिल्यावहिल्या टपालाचं. पाच बिस्किटांचे डबे आणि एक पत्र्याची ट्रंक, आणि त्यांत विमानटपाल नवं नवं सुरू झालं त्या काळची सहाशेच्या वर पाकिटं. आमच्याकडे पाऊस लागला, की तीन महिने भिंतींना पाझर सुटतो. अशा दिवसांत मामांच्या घरातली एकुलती एक कोळशाची शेगडी त्या डब्यांच्या खोलीत असे, आणि मामी शेजारच्या खोलीत घोंगडी लपेटून बसलेल्या असत. कसर लागू नये म्हणून डब्यांत कडुनिंबाचा वाळवलेला पाला घालत, आणि तो वाळवायचं कामही मामींकडेच होतं. “पुढच्या जन्मी देवानं मला पाकीट करावं,” असं त्या पाला पसरताना म्हणत, आणि मामा ते मन लावून ऐकून विचारत, “कुठल्या पोस्टाचं?”

हे वेड लागलं त्याला कारण होतं. मामा तरुणपणी टपालखात्यात चिकटले आणि नेमणूक झाली कराचीला. बरोबर त्यांचा शाळासोबती, पौडच्या मणियाराचा मुलगा इब्राहिम. दोघे एकाच बोटीनं गेले, एकाच खोलीत राहिले, एकाच टेबलाच्या दोन बाजूंना उभे राहून टपाल छाटायला लागले. पुढे काही वर्षांनी विलायतेहून विमानानं टपाल यायला लागलं, ते पहिलं कराचीलाच उतरे. त्या पिशव्या उघडणाऱ्यांत हे दोघे होते. मामा सांगत, पिशवीचं तोंड सोडून हात आत घातला आणि दचकून मागे घेतला; बाहेर अंगाची लाही होत होती आणि पिशवीच्या तळाची पाकिटं गार होती. वरच्या आभाळातली थंडी अजून त्यांच्यातून निघाली नव्हती. हे सांगताना मामा स्वतःच्या तळव्याकडे बघत. गंमत अशी, की ते स्वतः कधी विमानात बसले नाहीत. पेरूच्या झाडाला शिडी लावली तरी त्यांना घेरी येई. लोहगावाकडून एखादं विमान माणवरून गेलं, की मात्र हातातलं टाकून अंगणात येत, कपाळावर हात धरून ते दिसेनासं होईपर्यंत बघत आणि उदासपणे आत जाताना म्हणत, “टपाल नाही त्यात.” अलाहाबादेला फार पूर्वी एका प्रदर्शनाच्या वेळी नदीपलीकडे विमानानं टपाल नेलं होतं, त्यातलं एक पाकीट त्यांनी कुणाकडे तरी एकदाच पाच मिनिटं पाहिलं होतं. त्या पाच मिनिटांबद्दल ते तासभर बोलत.

आता कराचीच्या त्या पोस्टात विमानाच्या टपालावर मारायचा एक रबरी शिक्का होता, विमानाच्या चित्राचा. मारता मारता एके दिवशी त्या विमानाच्या डाव्या पंखाचं टोक तुटलं, आणि तिथून पुढच्या सगळ्या पाकिटांवर अपुऱ्या पंखाचं विमान उमटलं. हे टोक नेमकं कुठल्या आठवड्यात तुटलं, हा मामांच्या आयुष्यातला सर्वांत मोठा प्रश्न होता. फाळणी झाली, मामांची बदली पुण्याला झाली, इब्राहिमचा संसार तिकडे रुजलेला, तो तिथंच राहिला. मामा निवृत्त होऊन माणला आले. पण प्रश्न सुटला नव्हता, त्यामुळे पत्रव्यवहार चालू राहिला. महिन्या-दोन महिन्यांनी कराचीहून एक जाड पाकीट येई. इब्राहिमची पत्रं तेवढी मामा वाचत, तीही दोनदोनदा, कारण त्यांत पाकिटांबद्दलच लिहिलेलं असे. पत्रं मराठीत, तीही आमच्या पौडाकडच्या बोलीत. इब्राहिमचं मराठी कराचीत राहून बिघडलं नाही असं मामा कौतुकानं सांगत. तिथं ते बिघडवायला कुणी नव्हतंच.

असं सगळं सुरळीत चालू असताना पासष्ट सालची लढाई लागली. गावागावांत काय काय वावड्या उठल्या. डोंगरापलीकडे विमानातून छत्रीवाले शिपाई उतरलेत म्हणून माणची तरणी पोरं काठ्या घेऊन पाळीपाळीनं राखण करायला लागली. आणि एका दुपारी पोलीस पाटील माझ्या टेबलासमोर येऊन बसले, टोपी काढून मांडीवर ठेवली, आणि टोपीकडेच बघत बोलू लागले.

“मास्तर, राग मानू नगा,” ते म्हणाले. “वरनं कागद आलाय. परमुलखातनं कुणाकुणाला टपाल येतंय त्येची यादी मागितलीया. आता माणात तुमच्या मामांबिगर हाय कोन? मला लिवणं भाग हाय.”

यादीत एकच नाव गेलं. चौथ्या दिवशी जमादार आणि एक शिपाई सायकलींवरून आले. मामांना वाटलं, कुणीतरी संग्रह बघायला आलंय. त्यांनी मामींना चहा टाकायला सांगितला आणि पहिला डबा उघडून बसले. जमादारानं जप्तीचा कागद दाखवल्यावरही त्यांची समजूत पटायला वेळ लागला. मग पंचनामा सुरू झाला. शिपायानं लिहिलं, ‘जुनी फाटकी पाकिटे, रिकामी.’ मामांनी ते वाचून कागद परत केला. फाटकी एकही नाहीत, ते म्हणाले, आणि हे एक फाटकं दिसतंय ते समुद्रात पडलेल्या विमानातून काढलेलं आहे, पाण्यानं तिकीट सुटलंय, तसं स्पष्ट लिहा. शिपायानं लिहिलं. रिकामी हा शब्दही मामांना मान्य नव्हता, पण त्याला पर्यायी शब्द सापडेना. एवढं होईतो मामा शांत होते. मला आत टाकणार का, हेही त्यांनी हवापाण्याच्या चौकशीसारखं विचारलं. ट्रंक उचलताना जमादार सहज बोलून गेला, की काळजी नको, काही हरवणार नाही, ठाण्यात गेल्यावर एकेका नगावर मुद्देमालाचा शिक्का मारून नंबर घातला जातो.

मामा खाली बसले. अंगणातल्या ओल्या मातीतच. “मला न्या,” ते जमादाराला म्हणाले. “मला नेऊन ठेवा कितीही दिवस. पण त्यांच्यावर शिक्का मारू नका.” जमादार भला माणूस होता, पण नियमाला त्याचा इलाज नव्हता. डबे, ट्रंक आणि इब्राहिमच्या पत्रांचा गठ्ठा सायकलींना बांधून ते निघून गेले.

पुढचे तीन दिवस मामांनी अन्नाला तोंड लावलं नाही. आयुष्यभर ज्या माणसानं शिक्क्यांवर जीव टाकला, त्याला आता जागेपणी, डोळे मिटले तरी, एकच शिक्का दिसत होता, मोठा, गोल, जांभळा, त्यांच्या लाडक्या विमानांवर थापाथाप पडणारा. मला त्यांची काळजी होती आणि खोटं कशाला बोलू, स्वतःचीही होती. ती सगळी पत्रं माझ्याच हातांनी वाटली गेली होती आणि मी आरोपीचा जावई होतो. मामी मात्र अंगणात ऊन पडेल तिथं सूप हलवत कडुनिंबाचा पाला वाळवत होत्या. मी विचारलं, आता हा कशाला, तर म्हणाल्या, “परत येतील तवा लागंल की.”

चौथ्या दिवशी आम्हा दोघांना ठाण्यात बोलावणं आलं. बैलगाडीनं गेलो. मामांनी कोट घातला होता आणि खिशात भिंग घेतलं होतं. फौजदार तरुण होते, डोळ्यांखाली जागरणाची काळी वर्तुळं. इब्राहिमची पत्रं उर्दूत असणार असं धरून ती त्यांनी तीन दिवस पुण्याहून उर्दू जाणणारा येईल म्हणून बांधून ठेवली होती. सकाळी गठ्ठा सोडून बघतात तो बाळबोध मराठी. पण मराठी निघाल्यानं त्यांचा संशय कमी झाला नव्हता, वाढला होता. त्यांनी एक पत्र उचललं आणि मोठ्यानं वाचलं.

“तुजं पंख तुटलेलं इमान पोचलं. हितल्या जाणत्या मानसाला दावलं. त्यो म्हनतो, जोधपूरला उतरायच्या आदीच मोडलेलं असनार. तुज्याकडं आनखी असलं तर धाड, मी बदल्यात लंडनचं चांगलं देतो. पर पावसाच्या आत कर.” त्यांनी पत्र खाली ठेवलं. “पंख तुटलेलं विमान कुठं आहे?”

“कुठलं?” मामांनी विचारलं. “माझ्याकडे सात आहेत.”

लिहून घेणाऱ्या हवालदाराचा टाक थांबला. मी खुर्चीची कड घट्ट धरली.

“सात,” फौजदार म्हणाले. “आणि ह्या इब्राहिमकडे?”

“अकरा. पण त्यांतली चार पुसट आहेत,” मामा म्हणाले, आणि मग त्यांना राहवेना. “साहेब, तुम्ही तिसऱ्या डब्यात हात घातला का? त्यात वरून दुसरं. ते आणता का? म्हणजे मला सांगता येईल.”

डबे आणले गेले. मामा उठून टेबलापाशी गेले. त्यांनी फौजदाराकडे बघितलंही नाही. झाकण उघडलं, वरची दोन पाकिटं दोन बोटांनी उचलली, उलटी केली, सुलटी केली. मग तिसरं. मग चौथं. मग ते माझ्याकडे वळले, आणि ते पाकीट त्यांनी माझ्या डोळ्यांसमोर धरलं; ठाण्याचा शिक्का त्यावर कुठंच नव्हता. मीच हवालदाराला विचारलं, की मुद्देमालाचा शिक्का मारायचा राहिलाय का.

हवालदार ओशाळला. त्यानं आधी फौजदाराकडे बघितलं. “सायेब, म्या मारायला घेतला व्हता,” तो म्हणाला. “पर परत्येक पाकिटावर आदीच चार-चार, पाच-पाच शिक्के. म्होरं बी, पाठीमागं बी. मला वाटलं, दुसऱ्या ठाण्यानं आदीच मारल्यात. आन् आपला मारायचा तर जागाच न्हाई. म्हून मग नुसता ट्रंकंवर मारला.”

मामांनी पाणी मागितलं. एक तांब्या प्यायले, दुसरा मागितला, तोही प्यायले. मग धोतराच्या सोग्यानं डोळे पुसले, खिशातून भिंग काढलं आणि जबाब द्यायला लागले. तो जबाब दोन तास चालला. विमान म्हणजे शिक्का, पंख म्हणजे शिक्क्यातला पंख, लंडन म्हणजे लंडनच्या पोस्टाचं पाकीट, पाऊस म्हणजे पाऊस, कारण पावसात कागद दमट होतो. फौजदार आधी खुर्चीत रेलून ऐकत होते, मग कोपर टेबलावर आले, मग भिंग त्यांच्या हातात गेलं. शेवटी शेवटी तेच एकेक पाकीट उचलून विचारायला लागले, “आणि ह्याचा? ह्याचा पंख शाबूत दिसतो.” मामा म्हणत, नीट बघा साहेब, शाई कमी आहे, आणि फौजदार नीट बघत. तीन-चार आठवड्यांत पहिल्यांदा काहीतरी निरुपद्रवी त्यांच्यासमोर आलं असावं. सही घेतल्यावर त्यांनी पत्रं परत दिली, डबे परत दिले, आणि लढाई थांबेपर्यंत तिकडे काही लिहू नका एवढंच सांगितलं.

परतीच्या वाटेवर पावसाची भुरभुर सुरू झाली. मामांनी अंगातला कोट काढून ट्रंकेवर घातला, मग माझ्याकडे बघितलं, म्हणून मीही माझा काढला. डब्यांवर गाडीवानाचं इरलं गेलं. आम्ही तिघे चिंब भिजत बसलो होतो आणि मामा हसत होते. आधी हळूहळू, मग खांदे हलवून. वाटेत एका हॉटेलाशी गाडी थांबवून त्यांनी तीन दिवसांची भूक भागवली; भज्यांच्या तीन बशा, आणि चौथी मामींसाठी कागदात बांधून. मला इतकं हलकं वाटत होतं, की मी त्या भिजलेल्या अंगानं शाळेतलं एक गाणं म्हणायला सुरुवात केली आणि गाडीवानानं दुसरं कडवं उचललं. घरी पोचलो तेव्हा दारात मामी उभ्या होत्या. त्यांनी आम्हाला पंचे दिले नाहीत, आधी डब्यांची झाकणं चाचपून कोरडी आहेत का बघितली.

लढाई थांबली, पण तिकडचं टपाल बंदच राहिलं. मामा रोज थैली यायच्या वेळी ओसरीवर येत, माझ्या शिक्क्याबद्दल एक शब्द बोलत नसत, थैली रिकामी झाली की निमूट परत जात. इब्राहिमचं नाव काढत नसत. एकदाच म्हणाले, की त्याला दमा आहे आणि लढाईत औषधं मिळत नाहीत.

पुढच्या वर्षी, उन्हाळा लागता लागता, थैलीतून ते जाड पाकीट निघालं. मी शाळा पोरांवर सोडून पळतच मामांकडे गेलो. त्यांनी माझ्यासमोरच पत्र फोडलं. इब्राहिम बरा होता. त्याच्याकडेही माणसं आली होती. मामांची सगळी पत्रं तिथल्या साहेबानं नेली, पण ती मराठीत, आणि तिथं कुणाला मराठी वाचता येईना. आठ दिवस त्यांनी गावभर मराठी वाचणारा माणूस शोधला. शेवटी कुणीतरी सांगितलं, की एक म्हातारा पोस्टवाला आहे, त्याला येतं. आणि त्यांनी पत्रं वाचून दाखवायला इब्राहिमलाच बोलावलं. ‘मी सगळी वाचून दावली,’ त्यानं लिहिलं होतं. ‘सायेब म्हनला, ह्यात वाईट काय हाय? मी म्हनलं, चौथ्या पत्रातला शिक्का पुसट हाय, तेवडंच.’

मामा हसता हसता खोकायला लागले. मामी पाणी घेऊन आल्या, त्यांना सांगताना पुन्हा हसले. मग हसणं हळूहळू थांबलं. त्यांनी चष्मा काढून पुसला, पत्राची घडी घातली, परत उलगडली.

“जावईबापू, ह्याचं अक्षर मी कुठंही ओळखेन,” ते म्हणाले. “पण अठरा वर्षं झाली. आत्ता वाचताना ध्यानात आलं, ह्याचा आवाज मला आठवत नाही.”

त्यांनी पत्र माझ्या हातात दिलं आणि मोठ्यानं वाचा म्हणाले. मी वाचायला लागलो. पुस्तकी न वाचता, पौडाकडे बोलतात तसं, जमेल तसं. मामा भिंतीला टेकून डोळे मिटून ऐकत होते. मी दुसऱ्या पानावर आलो तेव्हा त्यांनी हात जरासा वर केला.

“सावकाश,” ते म्हणाले. “तो सावकाश बोलायचा.”